सेव्दाचं मूळ

गोर्ना तिक्ला, १७ फेब्रुवारी १९८५

रेम्झी,

तुझा निरोप पोचला. मित्कोने ट्रकमधून उतरल्या उतरल्या, अंगणातच, हातमोजेही न काढता सांगून टाकला. "फेरिहा, रेम्झी म्हणतो की त्याला आता बहीण नाही." मग बिचारा स्वतःच ओशाळला. "माझ्यावर रागावू नकोस, मी नुसता ड्रायव्हर." तो बल्गेरियन असून मला अजून फेरिहा म्हणतो. आणि तू, माझ्या पाठचा भाऊ, तिकडे तुर्कस्तानात, बुर्सात बसून मला तोडतोस. मी लोकांच्या पोरांना नावं ठेवते म्हणून तू मला नावं ठेवतोस.

हे पत्र मित्को सीटखाली लपवून आणणार आहे, म्हणून मोकळं लिहिते. पोस्टाने आलेल्या माझ्या पत्रावर विश्वास ठेवू नकोस. त्यात हवा छान असेल आणि सगळे मजेत असतील.

ऑक्टोबरात तू ट्रक घेऊन सरहद्दीपलीकडे गेलास आणि परत आला नाहीस. तुझ्या बायकोला, नाझिरेला, तेव्हा नुकते दिवस गेले होते. तू सुटलास, बरं झालं, असं मी मनापासून म्हणते. पण जानेवारीत इथे काय झालं ते तू पाहिलेलं नाहीस, तेव्हा ऐक. रात्रीतून बर्फ पडलं आणि पहाटे गावाभोवती शिपाई होते. शाळेच्या सभागृहात टेबलं मांडली होती, माझ्याच वर्गातली. गल्लीवार रांगा. नवं नाव घ्यायचं, सही करायची, निळा कागद घेऊन घरी जायचं. आई माझ्या पुढे होती.

टेबलामागचा पोरगा म्हणाला, "आजी, नाव निवडा."

"आहे मला नाव. सेव्दिये."

"तुर्की नावं गेली आता. बल्गेरियन घ्यायचं. ही यादी."

"तुला हवं ते लिही बाबा. कबरीत फरिश्ते विचारायला येतील ना, त्यांना मी माझं सांगीन."

त्याने 'सोफिया' लिहिलं. नाझिरेची नाद्या झाली. माझी पाळी आली तेव्हा मी यादी हातातच घेतली नाही. फेरिहा म्हणजे आनंदी. त्यांच्यात रादका म्हणजे तेच. म्हटलं, निदान अर्थ तरी घरचा राहू दे. "रादका लिहा," मी म्हणाले. आम्ही घरी आलो. दारात जोडे काढताना आई म्हणाली, "आम्ही लुटलो गेलो. तू विकून आलीस."

आता ज्यावरून तू मला तोडलंस ते. नगरपालिकेत जन्ममृत्यूचं दप्तर दोब्रेवा नावाची बाई बघते. कायम दाढ दुखत असल्यासारखा चेहरा, पण मनाने वाईट नाही. तिने मला शाळेतून बोलावून घेतलं. म्हणाली, "लोक पोरांना कसलीकसली नावं घेऊन येतात. परवा एकाने 'एलिस' आणलं. मला वाटलं फ्रेंच, निघालं तुर्की. वरून माझीच कानउघाडणी झाली. तू सोफियाच्या विद्यापीठात नावांचाच अभ्यास केलास ना? मग इथे येऊन बस. नाव आलं की त्याचं मूळ काय, अर्थ काय, ते तपासायचं, कार्डावर लिहायचं, खाली सही करायची."

मी हो म्हणाले. हेच काम तिने आधी हलील मास्तरांना देऊ केलं होतं. ते नाही म्हणाले. त्यांना डॅन्यूबमधल्या त्या बेटावर नेलंय, तुरुंगात. मी भ्याले असं मी लिहिणार नाही, तू ते नाहीतरी वाचशीलच. पण एप्रिलमध्ये नाझिरे बाळंत होईल, आणि तुझं मूल त्या टेबलापुढे येईल तेव्हा टेबलामागे कुणी बसलेलं असावं, याचा तू विचार कर. नाझिरे बरी आहे. पाय सुजतात. तुझा जुना कोट घालून झोपते.

तुला बहीण नसली तरी मला भाऊ आहे.

फेरिहा

गोर्ना तिक्ला, २ मे १९८५

रेम्झी,

मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. कान तुझे, बाहेर आलेले. नाझिरे टोपी घालून दाबून बसवायला बघते. रडते मात्र आपल्या आईसारखी, थांबून थांबून, समोरचा ऐकतोय का बघत.

नावाचं सांगते, पण आधी माझ्या टेबलाचं सांगू दे, म्हणजे तुला समजेल. मार्चमध्ये तंबाखूच्या गोदामात काम करणारा एक तरुण बाप आला. लग्नातला कोट घालून, केस पाणी लावून बसवलेले.

"काय नाव?" दोब्रेवाने विचारलं.

"फिलिझ."

तिने पेन थांबवलं. "हे तुर्की वाटतंय. रादका?"

"फिलिस आहे ते," मी म्हणाले. "थ्रेसच्या राजाची मुलगी. ग्रीकांच्या जुन्या गोष्टींत येते. तुर्क इथे आले त्याच्या कितीतरी शतकं आधीची."

"राजाची मुलगी?" तो पोरगा माझ्याकडे बघत म्हणाला. "आमच्यात तर फिलिझ म्हणजे कोंब..."

मी टेबलाखालून त्याच्या नडगीवर बूट हाणला.

"हां, राजाची मुलगी," तो कळवळत म्हणाला. "तीच ती."

दोब्रेवाने लिहिलं. थ्रेस म्हटलं की ही माणसं विरघळतात, कारण तिथले लोकच आपले पूर्वज असं त्यांना वरून सांगितलेलं आहे. सिबेल आली तेव्हा मी तिला फ्रिजियाची देवी केली, सिबिली. यास्मिन आली, तिचं फूल बल्गेरियन बागेत लावलं. हे सगळं खोटं आहे का? नाही. प्रत्येक कार्डावर निम्मं खरं आहे. राजकन्या खरीच आहे. फक्त त्या गोदामातल्या पोराच्या घरात ती कधी आली नव्हती. सोफियात कारास्तोयानोव सर आम्हाला शिकवायचे की नाव म्हणजे प्रवासी, त्याच्या बोचक्यात चार देशांची धूळ असते. मी त्यातली सोयीची धूळ तेवढी दाखवते.

सगळं जमतं असं नाही. एक बाई मुलाला 'जिहान' म्हणत होती. मी फार डोकं खाजवलं. काही सुचलं नाही. त्याचं नाव आता झिवको आहे. ती बाई बाजारात मला पाहून रस्ता बदलते.

तर आपली. आईचं नाव लावायचं हे ठरलेलंच होतं, तूही निघताना नाझिरेला तेच म्हणाला होतास. पण 'सेव्दिये' कुठल्याही देवीला वाचवता आलं नसतं. मी 'सेव्दा' म्हणाले.  आणि दोब्रेवाचा चेहरा पहिल्यांदा सैल झाला. "अगं, माझ्या प्लॉवदिवच्या मावशीचं नाव सेव्दा! फार गोड बाई. भोपळ्याची बानित्सा तिच्यासारखी कुणाला जमायची नाही. लिही, लिही." मी कार्डावर लिहिलं: जुनं बल्गेरियन नाव, लोकगीतांत येतं. अर्थ, प्रेम. सही केली.

घरी येऊन सांगितलं. नाझिरेने विचारलं, "आब्ला, म्हणजे रस्त्यात मोठ्याने हाक मारली तरी दंड नाही?"

"नाही."

ती तशीच पोरीला घेऊन बेकरीच्या रांगेत जाऊन उभी राहिली. पाव घरात होता. तरी उभी राहिली आणि "सेव्दा, बघ, सेव्दा, रडू नको सेव्दा" असं पाव मिळेपर्यंत चाललं होतं. पोर झोपलेली होती.

आई तेव्हापासून माझ्याशी बोलते. परवा माझ्या ताटात मोठा तुकडा वाढला.

मित्को म्हणतो तू हमाली करतोस आणि बारीक झालास. जेवत जा. आणि दोन ओळी लिही. मला नको, नाझिरेला लिही.

फेरिहा

गोर्ना तिक्ला, २४ नोव्हेंबर १९८५

रेम्झी,

तुझ्यापर्यंत बातमी आधीच गेली असणार, आणि ती अशी गेली असणार की फेरिहाने आधी नावं दिली आणि मग स्वतःच चुगली करून काढून घेतली. गाव तेच म्हणतंय. मी घडलं तसं लिहिते. मानायचं तर मान.

या महिन्याच्या सुरुवातीला वरून कळवलं की आमच्या भागात जन्मलेल्या मुलांच्या नावांची मुळं परत तपासणार आहेत, आणि सोफियाहून तज्ज्ञ येणार आहेत. गाडीतून कारास्तोयानोव सर उतरले. केस पांढरे झालेत, बाकी तेच. वर्गात येताना जसे दारावर दोनदा टिचकी मारायचे तशी त्यांनी दोब्रेवाच्या दारावर मारली. मला पाहिलं आणि ओळखलं. "तुम्ही तिसऱ्या बाकावर बसायचा," म्हणाले. मला वाटलं, वाचलो.

त्यांनी कार्डं घेतली आणि वाचायला लागले. मी समोर, दोब्रेवा बाजूला, कॉफी निवत पडलेली. फिलिसच्या कार्डावर ते हसले.

"हे माझंच व्याख्यान आहे."

"हो, सर."

"सिबिलीसुद्धा."

"हो."

"चांगली विद्यार्थिनी होतात." आणि फिलिसवर तांबड्या पेन्सिलीने रेघ मारली. मग सिबिलीवर. यास्मिन ठेवली, फुलावर त्यांचा राग नसावा. माझी प्रत्येक लबाडी त्यांना दिसत होती, कारण तिचं सामान मी त्यांच्याच दुकानातून उचललेलं होतं. दुसरा कुणी आला असता तर फसला असता.

सेव्दाचं कार्ड आलं. दोब्रेवा घाईघाईने म्हणाली, "हे तर आपलंच आहे, प्राध्यापक कॉम्रेड. माझी मावशीच सेव्दा."

"तुमच्या मावशीच्या घरात ते बल्गेरियन आहे," सर म्हणाले. "या मुलीची आजी कोण? जुनं नाव सेव्दिये. म्हणजे इथे ते तुर्की आहे. नावाचं मूळ शब्दकोशात नसतं हो, घरात असतं."

मला तेव्हा गप्प बसायला हवं होतं. आईही तेच म्हणाली नंतर. पण मी बोलले.

"मग सर, तुमच्या आडनावाचं मूळ कुणाच्या घरात आहे? कारास्तोयानोव. कारा म्हणजे काळा. चोख तुर्की. त्यावर कोण रेघ मारणार?"

दोब्रेवाने डोळे मिटून घेतले. सर चिडले नाहीत. चष्मा काढला, पुसला. वर्गात असा प्रश्न आला की ते खूश व्हायचे, आणि तसलंच काहीतरी तोंडावर येऊन गेलं.

"बरोबर. आणि सेव्दाचं मूळही काळंच. अरबी सव्दा. काळं पित्त. ते चढलं की माणूस खिन्न होतो, झुरतो. झुरतो म्हणून मग प्रेम. तुम्ही कार्डावर फक्त शेवटचा अर्थ लिहिलात. आणि माझ्याबद्दल म्हणाल, तर फरक एवढाच आहे, फेरिहा, की मला हे विचारायला कुणी येत नाही."

ते मला फेरिहा म्हणाले. तू इथे नाहीस, म्हणून तुला कळणार नाही. ते नाव कचेरीत उच्चारणं म्हणजे गुन्हा आहे, आणि ते सोफियाच्या तज्ज्ञांच्या तोंडून निघालं होतं. दोब्रेवा दाराकडे बघत होती. सरांचा रंग उतरला. "रादका," ते म्हणाले. "रादका." आणि मग त्यांनी सेव्दावर इतकी जोरात रेघ मारली की पेन्सिलीचं टोक तुटलं. त्यानंतर त्यांनी एकही नाव वाचून पाहिलं नाही. रेघा मारत गेले. यास्मिनचं कार्ड परत काढलं आणि तिच्यावरही मारली.

माणूस वाईट म्हणून मारत नव्हता, भ्यालेला म्हणून मारत होता. मी हे त्यांची बाजू घेऊन सांगत नाही. भ्यालेल्याच्या हाताला जोर जास्त असतो, एवढंच.

आपल्या मुलीचं नाव आता स्वेत्ला आहे. दोब्रेवाने सुचवलं. मावशीबद्दल ती परत बोलली नाही. सर गाडीत बसताना मला म्हणाले, "उजेड असा अर्थ आहे. अर्थाला तरी नाव ठेवता येणार नाही."

फिलिझचा बाप दारात आला होता. "राजाची मुलगी कुठे गेली, बाई?" एवढंच विचारलं आणि माझ्या उंबऱ्यावर थुंकला. आईने ते पुसलं, मला पुसू दिलं नाही.

मला शाळेतून काढलंय. उत्तरेला, डॅन्यूबकडच्या एका खेड्यात राहायचं, परवानगीशिवाय हलायचं नाही, असा हुकूम आहे. सोमवारी नेतील. मित्कोच्या मागेही माणसं लागलीत, तेव्हा आता लवकर पत्र येणार नाही.

नाझिरेवर रागावू नकोस. तिने नव्या नावाचा कागद घ्यायला हात पुढे केला नव्हता. दोब्रेवाने तो तिच्या पिशवीत कोबीवर ठेवला.

फेरिहा

व्रात्सा जिल्हा, ८ मार्च १९८७

रेम्झी,

आई गेली. फेब्रुवारीत. मला कळवलं तोवर पुरून झालं होतं, आणि प्रवासाची परवानगी मिळाली ती त्यानंतर. नाझिरेने सांगितलं ते लिहिते.

खोकला होता, मग ताप चढला. नाझिरे पोरीला शेजारी ठेवून आईला दवाखान्यात घेऊन गेली, बाकावर बसवलं आणि पोरीसाठी घरी आली. नर्स दारातून नाव पुकारते. तिने "सोफिया" पुकारलं. आई बसून राहिली. तिने परत पुकारलं, मग दुसऱ्याला घेतलं. थोड्या वेळाने परत. शेजारची बाई म्हणाली, "आजी, तुम्हालाच बोलावतायत." आई म्हणाली, "ती दुसरी कुणी असेल." दवाखाना बंद होईपर्यंत बसली आणि उठून चालत घरी आली, त्या थंडीत. नाझिरे रडली, भांडली. "अगं आई, एकदा हो म्हणायचं होतंस!" तर म्हणते, "मी बहिरी आहे असं सांग त्यांना."

आठवडाही काढला नाही.

मौलवीला येऊ दिलं नाही. नाझिरेने पहाटे दार लावून, आतल्या खोलीत, एकटीने आंघोळ घातली. दगडावर सोफिया कोरलंय. मी गेले तेव्हा बर्फ वितळत होतं आणि त्या अक्षरांत पाणी साचलं होतं. मी बोटाने काढत बसले. वेडेपणा. परत साचत होतं.

मी इथे गाईंच्या गोठ्यावर हिशेबनीस आहे. माणसं बरी आहेत. त्यांना मी कोण ते माहीत आहे आणि कुणी विचारत नाही. संध्याकाळी शेजारीण लोणच्याची बरणी ठेवून जाते. नाव रादकाच म्हणतात.

तुझी एक ओळ आली असती तर आईला वाचून दाखवली असती. आता घाई नाही.

फेरिहा

व्रात्सा जिल्हा, ३ जुलै १९८९

रेम्झी,

हे पत्र नाझिरेच्या ब्लाउजमध्ये शिवलेलं आहे. सरहद्द उघडली आणि आपला सगळा मुलूख तिकडे निघालाय. गाड्यांच्या टपावर गाद्या, फ्रीज, शिलाईमशीन. कुत्री दारात बांधलेली तशीच. नाझिरेला पासपोर्ट मिळाला, मित्को सरहद्दीपर्यंत सोडेल, तिथे तू ये.

आता नीट वाच. मुलगी चार वर्षांची झाली. तू तिला पाहिलेलं नाहीस आणि तिने तुला. ती तुझ्याकडे बघून म्हणेल, "मी स्वेत्ला." पासपोर्टवरही तेच आहे. तू नाझिरेवर ओरडशील, तुला मी ओळखते. ओरडू नकोस.

आधी नाझिरे घरात सेव्दाच म्हणायची. मग पोर बोलायला लागली आणि एक दिवस पाळणाघरात बाईंना म्हणाली, "माझं घरचं नाव वेगळंय." दुसऱ्या दिवशी दोन माणसं घरी आली. मुलीला सरकारी अनाथालयात ठेवावं लागेल, असं बोलता बोलता, अगदी हसत म्हणाली. त्यानंतर नाझिरेने ते नाव तोंडातून काढलं नाही. पोरीने विचारलं, "सेव्दा कोण होती?" तर म्हणाली, "आजीची मांजर."

तिला काय वाटलं असेल ते तू सरहद्दीवर विचारू नकोस. वर्षभर तरी विचारू नकोस.

मी येत नाही. सगळे म्हणतात ये. मित्कोही म्हणतो, "एक जागा आहे." तुला वाटेल मला तोंड दाखवायची लाज वाटते. तसं नाही. चार वर्षांवर मी तुला लिहिते आहे आणि तू मला एकदाही थोरली बहीण म्हणून, आब्ला म्हणून हाक मारलेली नाहीस. मला तुझ्या दारात उभं राहायचं नाही. इथे निदान शेजारीण रोज विचारते की जेवलीस का.

पोरीला दही घट्ट लागतं. अंधाराला भीत नाही, कोंबड्यांना भिते.

फेरिहा

व्रात्सा जिल्हा, १९ नोव्हेंबर १९९१

रेम्झी,

तुझं पत्र आलं. सात वर्षांत पहिलं. 'आब्ला' असा मायना वाचला आणि पत्र टेबलावर उलटं घालून मी विहिरीवर गेले. दुपारी परत येऊन वाचलं.

तू लिहितोस की आल्या आल्या तू तिला कचेरीत नेलंस आणि सेव्दिये करून आणलंस. आईचं पुरं नाव. स्वेत्ला म्हणायचं नाही असा घरात नियम केलास. दोन वर्षं ती तुझ्या हाकेला येत नाही, नाझिरेने खूण केली की येते. आता शाळेत घातली तर बाईंनी बोलावून सांगितलं की मुलीला ऐकू येत नाही, हजेरी घेताना उत्तर देत नाही, मागच्या बाकावर भिंतीकडे बघत बसते. तू तिला कानाच्या डॉक्टरकडे नेलंस. त्याने कानात दिवा घालून बघितलं, मागे उभं राहून घड्याळ वाजवलं, कुजबुजला. कान ठणठणीत आहेत. मग तू मला विचारतोस: "तू नावं तपासायचीस ना? मग तपास. स्वेत्लाचं मूळ काय, त्यात काही वाईट आहे का? आणि आपल्यात त्या अर्थाचं नाव असेल तर तेच ठेवतो, नूर किंवा इशिल."

तपासलं. इथे शाळेत एक जुना कोश आहे, तोही उघडला. स्वेत्ला, मूळ स्लाव्ह. अर्थ उजेड, लख्ख, स्वच्छ. फार जुनं आहे. मी त्यात खोट शोधली, खरंच शोधली, कारण ते नाव कुणी आणि कसं दिलं ते मी डोळ्यांनी पाहिलंय. खोट नाही. नाव बिचारं चांगलं आहे.

राजवट बदलल्यावर, गेल्या वर्षी कोर्टात जाऊन मी माझं नाव परत घेतलं. न्यायाधीश जांभया देत होता. बाहेर आले तेव्हा वाटलं होतं काहीतरी होईल. काही झालं नाही, बसची वाट बघितली. आणि अजून बाजारात कुणी "रादका!" म्हटलं की माझी मान वर होते. लाज वाटते, पण होते. मी तर चाळिशीची बाई, ते नाव कसं अंगावर आलं ते मला माहीत आहे. तिला काय माहीत? तिला त्या नावाने कुणी मारलेलं नाही. त्या नावाने तिला दूध मिळालं, टोपी मिळाली, कडेवर घेतलं. ज्याला आपण चोरी म्हणतो ते तिचं घर आहे, रेम्झी.

कारास्तोयानोव सरांनी आता वर्तमानपत्रात लेख लिहिलाय. सेव्दा हे दोन्ही समाजांना जोडणारं सुंदर नाव आहे म्हणे. कुणीतरी मला कात्रण पाठवलं. मी चुलीत घातलं. तोच माणूस, तेच नाव, तेच मूळ. मग तपासलं काय आम्ही?

म्हणून नूर नको. इशिल नको. अर्थ जुळवून दिलेलं नाव मी स्वतः वापरलंय. अर्थ जुळतो, माणूस जुळत नाही. आणि त्या पोरीला तिसऱ्यांदा कुणी टेबलापुढे उभं करू नका. कागदावर सेव्दिये आहे ते राहू दे, मोठी झाली की ती बघेल. कदाचित घेईल. कदाचित तोंडावर फेकेल. तिचा हक्क आहे.

तू मला विचारलंस म्हणून सांगते, नसतं विचारलंस तर सांगितलं नसतं. आज कामावरून आलास की अंगणात ती असेल. कोंबड्यांपासून लांब, भिंतीशी. जोडे काढायच्या आधी तिला हाक मार. स्वेत्ला म्हण. शेजाऱ्यांना ऐकू गेलं तर जाऊ दे. ती वळेल.

वळल्यावर तिच्याशी काय बोलायचं ते तुझं तू बघ.

फेरिहा